खाली किती?

खड्डा रिकामा झाला, असं जाहीर करायचा अधिकार अख्ख्या पिंपळदरी नवनगरात एकाच बाईला होता. दैवशाला सानप तिचं नाव, हुद्दा सुटका नियोजक. म्हणजे काय, तर शहरात कुठंही माणूस जमिनीखाली उतरणार असला, गटाराच्या चरात म्हणा, टाकीत म्हणा, भुयारात म्हणा, तर तो उतरायच्या आधी हिनं आराखडा लिहायचा. उद्या हा खाली अडकला तर वर कसा काढायचा, कोण उतरणार, कुठून हवा सोडणार, सगळं कागदावर. आराखड्याशिवाय कुदळ मारायची नाही असा नियमच होता. आधी माणूस गाडून घ्यायचा आणि मग दोर शोधत गावभर हिंडायचं, ही जुनी तऱ्हा तिनं मोडून काढली होती. त्यापायी कंत्राटदारांच्या शिव्याही पोटभर खाल्ल्या होत्या.

त्या मंगळवारी दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी ती डबा उघडून बसली होती. मेथीची भाजी आणि भाकरी. पहिला घास तोंडात गेला आणि टेबलावरचा पडदा बोंबलायला लागला. चर क्रमांक सतरा ढासळला.

दैवशाला डबा तसाच टाकून उठली. चर सतरामध्ये तिचा धाकटा भाऊ होता, बंकट.

आणि त्याला तिथं तिनंच लावला होता, बरं का! आईबापांचा जन्म ऊसतोडीत गेला, वसतिगृहाच्या शाळेनं ही एकटी वर आली, बंकट मात्र शाळा सोडून फडात गेला. चार वर्षं ही त्याच्या मागं लागली होती. "सोड तो ऊस. इकडं ये, खोदाईचं काम आहे. आणि इथं जमिनीला कान आहेत रे बाबा, तुला साधी ठेच लागली तरी मला इथं बसून कळेल." शेवटी यंदा तो आला, बायकोला घेऊन. बायको सत्यशीला, सगळे शीला म्हणत. तिच्यासाठी दैवशालानं साइटवरच्या भटारखान्यात शब्द टाकला होता. दोघांना समोर बसवून बजावलं होतं, शीलानं खड्ड्यात उतरायचं नाही. "बरं आक्का," दोघंही म्हणाले होते.

जीपमध्ये बसल्या बसल्या तिनं हातातल्या पडद्यावर पाहिलं. खाली दोन. हजेरीत नावंही दोनच, बंकट सानप आणि उद्धव केकान. तिनं शीलाला फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. भांडी घासत असेल पोरगी, असं म्हणून हिनं फोन खिशात टाकला. एका परीनं बरंच वाटलं. काय सांगणार होती तिला?

*

आता ह्या जमिनीच्या कानांचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही.

यंत्राचं नाव कानोसा. चर खणायच्या आधी दोन्ही काठांवर हात हात अंतरावर बोटाएवढ्या जाड सळया ठोकायच्या. माणसाचं हृदय दर ठोक्याला रक्त ढकलतं, त्या ढकलण्यानं सगळं अंग किंचित हलतं. आपल्याला जाणवत नाही, पण अंगाला चिकटलेल्या मातीला जाणवतं. तो हादरा मातीतून पसरत सळयांपर्यंत येतो, जवळच्या सळईला आधी, लांबच्या सळईला मागाहून. त्या मागंपुढं येण्यावरून यंत्र सांगतं, हृदय अमुक खोलीवर, अमुक जागी आहे. सहा मीटर ढिगाऱ्याखालचं हृदय कानोशानं वीतभराच्याच फरकानं दाखवून दिलेलं होतं. एकोणीस माणसं त्यानं जिवंत काढली होती दोन वर्षांत. लहान गोष्ट नाही ही.

पण एक मेख होती. माती काही एकेका हृदयाचा ठोका वेगळा पुडीत बांधून देत नाही. सगळं एकात एक मिसळून येतं, रस्त्यावरचा ट्रक, पाण्याचा पाइप, घुशी, वर धावणारी माणसं आणि खालची हृदयं. लग्नाच्या पंगतीत सगळे एकदम बोलत असताना कोण काय बोललं हे ओळखायचं, तर आधी किती जण बोलताहेत ते ठाऊक पाहिजे. कानोशालाही ते सांगावं लागे. दोन सांगितलं की तो त्या कोलाहलातून सगळ्यांत ठळक अशी दोन हृदयं निवडून काढी आणि उरलेलं गोंगाट म्हणून पुसून टाकी.

म्हणून चरात माणसं उतरली की फोनवरून मुकादमाला यंत्राचा एकच प्रश्न जाई, खाली किती? आधी तो प्रश्न असा सुटसुटीत नव्हता. नाव, वय, बाई की पुरुष, काम कोणतं, संख्या नक्की माहीत आहे की नाही, असा पानभर फॉर्म होता. एका टाकीतल्या अपघातात तो फॉर्म भरण्यात अकरा मिनिटं गेली आणि एक माणूस हकनाक मेला. तेव्हा दैवशालानं सगळा फॉर्म काढून एकच प्रश्न ठेवला. तिचं केवढं कौतुक झालं तेव्हा!

*

चर सतराची लांबी पंधरा मीटर, खोली सहा मीटर. पूर्वेच्या टोकाला लागून रुग्णालयाची भिंत, आणि त्या भिंतीआड नवजात बाळांचा विभाग. चौदा बाळं, काचेच्या पेट्यांत, नळ्या लावलेली. चर ढासळला तशी पायाखालची माती सरकायला लागली आणि भिंतीला भेग गेली.

"सहा मिलिमीटर," इंजिनियर नाईकनवरे म्हणाले. पन्नाशीचे गृहस्थ, आवाज कधी चढायचा नाही, आज मात्र घाम पुसत होते. "लिफ्ट बंद पडलीय. बाळं एकेक करून जिन्यानं आणताहेत. सानप मॅडम, तुमची माणसं निघाली की मला ताबडतोब फेस सोडायचाय."

फेस म्हणजे फेसाळ काँक्रीट. पंपानं चरात सोडायचं, मिनिटाभरात फुगतं, दहा मिनिटांत दगड होतं, भिंतीला आधार देतं. आराखड्यात तेही दैवशालानंच लिहिलं होतं. पण खाली माणूस असेतो फेस सोडायचा नाही. आधी खड्डा रिकामा, मग फेस.

यंत्राला ऐकू यावं म्हणून पोलिसांनी गर्दी दोनशे मीटर मागं हटवली होती. दोरीपलीकडं मजूर बाया हात हलवून ओरडत होत्या. शब्द काही कळत नव्हते. रडताहेत बिचाऱ्या, असं दैवशालाला वाटलं, आणि तिनं पोलिसाला खूण केली, अजून मागं घ्या.

पडद्यावर दोन ठिपके उमटले. दोन्ही पश्चिमेच्या टोकाला, जिथं खणायचं काम चालू होतं तिथं. एक मिनिटाला चौऱ्याहत्तर, दुसरा एकशे अठरा. यातला बंकट कोणता? तिनं दोन्ही ठिपक्यांवर बोट फिरवलं. इथं काम करणाऱ्या कुणाला तिनं सांगितलंच नव्हतं की खाली तिचा भाऊ आहे. सांगितलं असतं तर तिला बाजूला बसवलं असतं, आणि बसवलं असतं तर ती मेलीच असती.

लोखंडी फळ्या उतरवल्या. सुटका पथकाचे जवान उतरले, हातानं माती उपसायला लागले. दोन बावन्नला उद्धव केकान निघाला. पाय चेचलेला, शुद्ध नाही, श्वास चालू. एक ठिपका पडद्यावरून गेला. मग पुढची तेवीस मिनिटं दैवशालानं कशी काढली ते तिचं तिला माहीत. सव्वातीनला बंकटला वर घेतला. ओठ निळे पडलेले, डोळ्यांत माती, पण छाती हलत होती. तिनं त्याच्या कपाळावरची माती पदरानं पुसायला हात नेला, तेव्हा लक्षात आलं की आपण गणवेशात आहोत, पदर नाही. बाहीनंच पुसली.

"शिल्लक शून्य," कानोसा म्हणाला.

"मॅडम, भेग अकरावर गेली," नाईकनवरे म्हणाले. "पटकन रिकामा म्हणा."

तिनं अंगठा टेकवला. खड्डा रिकामा. पूर्वेच्या टोकाला पंप धडधडायला लागला आणि करडा फेस चरात उतरला. दैवशाला बंकटच्या मागोमाग रुग्णवाहिकेकडं निघाली. वाचला! माझा बंकट वाचला!

*

रुग्णवाहिकेतली डॉक्टर तरुण होती. "तुमचे कोण लागतात हे?"

"भाऊ."

"मग समजवा त्यांना जरा. मास्क ठेवत नाहीत तोंडावर. कोयता खाली राहिला म्हणून हातपाय झाडताहेत. अहो, जीव वाचलाय ह्यांचा आणि अवजाराची कसली काळजी!"

दैवशालाला हसू आलं, डोळ्यांत पाणी असताना हसू. तिनं भावाचा हात धरला. "असू दे रे वेड्या कोयता. दुसरा घेऊ."

बंकटनं मास्क ओढून काढला. "आक्का... अर्दा कोयता खालीच हाय. माझाबी... उद्धवचाबी."

"चरात कसला कोयता बंकट? ऊस आहे का..."

आणि ती तिथंच थांबली.

वीस वर्षं झाली होती तिला फड सोडून. वीस वर्षांत ती साहेबांचं मराठी बोलायला शिकली, आराखडे लिहायला शिकली, आणि आईच्या तोंडचा शब्द विसरली. ऊसतोडीत माणसं मोजत नाहीत. कोयते मोजतात. नवरा तोडतो, बायको मोळी बांधते, दोघांचा मिळून एक कोयता. एकटा माणूस आला तर तो अर्धा कोयता, आणि अर्ध्या कोयत्याला मुकादम दारात उभा करत नाही. फड सुटला, ऊस सुटला, हातात कुदळ-फावडं आलं, तरी टोळीचा हिशेब तोच राहिला. नवऱ्यानं खणायचं, बायकोनं पाटीत माती भरून मागच्या टोकाला, माती वर ओढणाऱ्या यारीच्या आकड्याला लावायची. मागच्या टोकाला म्हणजे पूर्वेला. जिथं फेस चालला होता तिथं.

ती धावली. आयुष्यात कधी धावली नव्हती तशी धावली.

मुकादम मिक्सरच्या मागं उकिडवा बसला होता. नाव श्रीमंत, तोंड मात्र मेल्यासारखं. दैवशालानं त्याची गचांडी धरून उभा केला. "सकाळी यंत्राला काय सांगितलंस?"

"खाली किती इचारलं, म्या सांगितलं, दोन कोयते. खोटं न्हाई सांगितलं बाई. टेप बगा!"

यंत्रानं बरोबर ऐकलं होतं. दोन हा आकडा घेतला आणि न कळलेला शब्द सोडून दिला. जागा आकड्यापुरतीच होती, ती दैवशालानंच तेवढी ठेवली होती.

"माणसं किती? बायका धरून सांग!"

"च्यार." तो रडायला लागला. "बायांची नावं हजेरीत न्हाईत. उद्धवची मुक्ता अन् बंकटची शीला. शीली भटारखान्यात व्हती, पर बंकट एकला पडला तवा म्याच म्हनलं, पुरा कोयता असंल तर काम हाय."

"मग तासभर तोंडात काय धरून बसला होतास?"

"बाई, मशीननं दोनच दावली, मग म्हनली रिकामा. मला वाटलं, मशीनला आईकू येत न्हाई म्हंजी... म्हंजी जित्तं कुनी उरलं न्हाई."

दैवशालानं त्याला सोडलं. मारावासा वाटला, पण वेळ नव्हता.

"नाईकनवरे, पंप बंद! खाली दोन बायका आहेत!"

"मॅडम, तुम्ही रिकामा म्हणालात." त्यांचा चेहरा पांढरा पडला. "आत अजून पाच बाळं आहेत. फेस आत्ता कुठं पायाला लागलाय. आणि नियम तुमचाच आहे, एकदा रिकामा म्हटलं की यंत्रानं हृदय दाखवल्याशिवाय..."

"पंप चालू असताना यंत्राला काय कपाळ ऐकू येणार! एक मिनिट द्या मला. फक्त एक मिनिट बंद करा."

नाईकनवऱ्यांनी भिंतीकडं पाहिलं. जिन्यातून एक परिचारिका छातीशी पेटी धरून उतरत होती. त्यांनी हात वर केला. पंप थांबला, सहा मिनिटं चालून. सगळीकडं एकदम शांत झालं.

कानोशानं विचारलं, खाली किती?

दैवशालाचं बोट आकड्यांवर थांबलं. दोन लिहावं, आणि हृदय एकच उरलं असलं, तर यंत्र त्या एकाचेच दोन तुकडे करून दोन जागी दाखवील. एक लिहावं, आणि दोघी जिवंत असल्या, तर दुसरीला गोंगाट म्हणून पुसून टाकील. माहीत नाही असं लिहायची सोय तिनंच काढून टाकली होती. तिनं दोन लिहिलं. देवा, दोन असू दे. दोन असू दे रे.

दोन ठिपके उमटले, एकमेकांपासून हातभर. तिच्या तोंडून हुंदका फुटला. मग तिनं आकडे वाचले. ह्याचे शहाण्णव, त्याचेही शहाण्णव. ठोक्याला ठोका, अगदी एका क्षणाला. दोन माणसांची हृदयं अशी कधी चालत नाहीत.

एकच होतं.

कुणाचं, ते यंत्राला सांगता येत नव्हतं. आणि खरं सांगायचं तर त्या क्षणी दैवशालाच्या मनात जे आलं ते तिनं पुढं कधीच कुणाला सांगितलं नाही. मुक्ताचं नसू दे, असं आलं. आपलीच आपल्याला शिसारी आली, पण आलं खरं.

"दोन्ही ठिपक्यांच्या मधोमध खणा," ती जवानांना म्हणाली. "फेस अजून मऊ असेल. फावडं लावू नका, हातानं काढा."

"आणि भिंत?" नाईकनवऱ्यांनी विचारलं.

"पंप बंद राहील. मी सही करते." तिनं पुन्हा अंगठा टेकवला. पाच बाळं आत असताना टेकवला. नाईकनवरे जिन्याकडं पळाले आणि स्वतः पेटी उचलून आणायला लागले.

फेस दगड होता होता गरम होतो. जवानांच्या हातांना फोड आले. भेग तेरावर गेली, चौदावर गेली. शेवटचं बाळ बाहेर आलं तेव्हा वरच्या मजल्याचा कठडा खाली कोसळला. कुणाला लागलं नाही. दैवशालानं वळूनही पाहिलं नाही.

तीन पंचावन्नला एक हात दिसला. हातात हिरव्या बांगड्या. शीला हिरव्या बांगड्या घालायची. पण काय, हिरव्या बांगड्या तर सगळ्याच घालतात.

मुक्ता होती. माती भरायची पाटी तोंडावर उपडी पडली होती, त्या पोकळीतल्या हवेवर जगली होती. तिला वर आणलं तशी तिनं दैवशालाचा गणवेश मुठीत धरला.

"शीली माझ्या पाठीशीच हाय. हात लांब करा, लागंल."

"बोलत होती का?" दैवशालानं विचारलं. विचारायला नको होतं.

"व्हय की. मोटर सुरू झाली तवर बोलत व्हती. मी आरडाया लागले तर मला गप केलं तिनं. म्हनली, आरडू नगं मुक्ते, दम संपंल. आक्काची मशीन हाय वर. कान लावून बसलीय. तिला समदं आईकू येतंय." मुक्तानं श्वास घेतला. "मग वरून काय तरी ऊन ऊन आलं."

शीला हातभर अंतरावरच मिळाली. पण हातभर अंतरावर फेस दगड झाला होता, त्याला छिन्नी लावावी लागली. साडेपाच वाजले.

*

बंकटला जिल्ह्याच्या दवाखान्यात वॉर्डात हलवलं होतं. दैवशाला गेली तेव्हा दिवे लागले होते. तो जागा होता. तिचे हात, गणवेश, तोंड, सगळ्यावर करडे डाग होते. त्यानं पाहिलं, आणि त्याला कळलं. तरी त्यानं विचारलं, "निघाली?"

"मुक्ता निघाली," ती म्हणाली.

शेजारच्या खाटेवर कुणी तरी खोकत होतं.

"बंकट, मी रिकामा म्हणाले. अंगठा माझा आहे. ती जिवंत होती तेव्हा, बोलत होती, आणि मी..." ती खाटेच्या कडेला बसली आणि लहान पोरीसारखी ओक्साबोक्शी रडली. "शिव्या दे मला. मार मला. मी तुला इथं आणलं रे."

मग बंकटनं हळूच विचारलं, "आक्का, मशीनीत किती लिव्हलं व्हतं?"

"दोन."

त्याच्या डोळ्यांतून पाणी कानांत ओघळत होतं, ते त्यानं पुसलं नाही.

"मग बरुबर हाय की," तो म्हणाला. "दोनच कोयते व्हते आमचे."

आणि सलाइनची सुई टोचलेला हात उचलून त्यानं तिच्या पाठीवर ठेवला.